जमुनाबाईचं वजन आणि माझी बिस्किटं

आधीच सांगून ठेवतो, पुढे जे ऐकाल त्यावर तुमचा विश्वास बसणार नाही. आमच्या गावात तर कोणाचाच बसत नाही, आणि ज्यांच्या डोळ्यांदेखत सगळं घडलं त्यांचा सगळ्यात कमी बसतो. तरी खरं ते खरं. मी, भोजराज कापगते, पाटबंधारे खात्यातून वरिष्ठ लिपिक म्हणून निवृत्त झालेला माणूस, ज्याने उभ्या आयुष्यात स्वतःचा चहासुद्धा स्वतः केला नाही, त्या मी या हातांनी चीजची बिस्किटं भाजली आणि ती खाऊ घालून बायकोचं वजन एका आठवड्यात दीड किलोने वाढवलं. घरच्या तराजूवर नाही, गोंदियाच्या डॉक्टरांच्या काट्यावर.

आजवर ही हकिगत मी पानठेल्यावरच सांगत आलो होतो. परवा माझे साडू सेवकराम चिचगडहून चारोळीची पिशवी घेऊन आले, म्हणून पहिल्यांदाच घरच्या छपरीत, म्हणजे ओसरीवर, सांगायला बसलो. सेवकराम ऐकायला फार उत्तम माणूस. त्यांचं गाव जंगलातलं, लहानपणापासून वाघाच्या गोष्टी ऐकलेले, त्यामुळे बिस्किटाच्या गोष्टीला ते सहसा हरकत घेत नाहीत. ते बसले रांजणाशेजारी. हा रांजण वर्षानुवर्षं डुगडुगायचा, हल्ली डुगडुगत नाही. का, ते मी कधी विचारलं नव्हतं. शेजारचा बकाराम नेहमीसारखा न बोलावता आला होता. जमुनाबाई आत स्वयंपाकघरात चहा टाकत होती, आणि मधलं दार उघडं होतं. ते दार उघडं आहे, याकडे मी वेळीच लक्ष द्यायला हवं होतं.

तर झालं असं, की जमुनाबाईला टायफॉइड झाला. ताप गेला, पण जाताना तोंडाची चव घेऊन गेला. भात पुढे केला तर म्हणे माती लागते. भाजी दिली तर गवत. पापड भाजून दिला तर म्हणाली, "कागद कायले देता?" बाई वाळत चालली. लुगडं अंगावर राहायचं ते केवळ सवयीने. गोंदियाच्या डॉक्टरांनी तपासण्या करायला नागपूरला धाडलं, तिथल्या सगळ्या तपासण्या चांगल्या निघाल्या. डॉक्टर म्हणाले, "रोग गेला, आता जेवण आलं पाहिजे. येत्या सोमवारी वजन करू. आणखी घटलं तर भरती करून सलाईन लावावं लागेल."

भरती हा शब्द ऐकला आणि जमुनाबाईने माझा हात धरला. पंचेचाळीस वर्षांच्या संसारात चारचौघांत तिने माझा हात धरल्याचं मला आठवत नाही. तिची आई अशीच दवाखान्यात भरती झाली होती, ती चालत गेली आणि बैलगाडीतून आली. तेव्हापासून दवाखान्याच्या खाटेचं नाव काढलं की जमुनाबाईचे हात गार पडतात.  तिने माझा हात सोडला नाही, पार रिक्षात बसेपर्यंत.

तपासण्यांच्या त्या दिवशी नागपूरला मुलगा भुपेंद्र आणि सून मंजू सोबत होते. दोघं राहतात गोंदियाला. त्यांनी आम्हाला एका थंडगार हॉटेलात नेलं. एवढं थंड, की मी उपरणं कानाला गुंडाळलं. मागवलेलं जेवण यायच्या आधीच वेटरने एक टोपली आणून ठेवली. त्यात गरम गरम बिस्किटं. चहात बुडवायची असतात तसली नव्हेत. वड्यासारखी फुगलेली, खारी, आत चीज, वरून लसूण-कोथिंबिरीचं लोणी फासलेलं. मी पहिलंच उचललं तोच जमुनाबाईने टोपलीतलं एक घेतलं, वास घेतला, खाल्लं. मग माझ्या हातातलं अर्धं घेतलं. तेही खाल्लं. आणि म्हणाली, "बरं हाये."

आता हे 'बरं हाये' म्हणजे काय, हे तुम्हाला नाही कळायचं. या बाईने स्वतःच्या मुलाच्या लग्नातल्या जेवणालाही "मीठ होतं" यापलीकडे प्रशस्तिपत्र दिलेलं नाही. मी वेटरला बोलावलं. म्हटलं, हे बांधून द्या. तो म्हणाला, "सर, ये पार्सल नहीं होता, सिर्फ खाने के साथ आता है." म्हटलं, मग कसं करतात ते सांगा. तो म्हणाला, "सर, वो अंदर बनता है." जणू मी ते बाहेर रस्त्यावर बनतं म्हणत होतो.

मी उभा राहिलो आणि भर हॉटेलात जाहीर केलं, "आपण घरी करू. मी करीन."

भुपेंद्र पाणी पीत होता, त्याला ठसका लागला. मंजू फार समजूतदार सून आहे, तिने फक्त एवढंच विचारलं, "मामाजी, तुम्हाला गॅस पेटवता येतो का?"

माणसाचा अपमान मोठ्या आवाजातच होतो असं नाही. मी खाली बसलो, पण मनाने उभाच होतो.

मंजूने मोबाईलवर शोधून कृती सांगितली. मैदा, बेकिंग पावडर, मीठ, लोणी, किसलेलं चीज, लसूण, ताक. कालवायचं, चमच्याने गोळे टाकायचे, तापलेल्या भट्टीत पंधरा मिनिटं भाजायचे. उष्णता दोनशे वीस डिग्री. मी हिशेब केला, आमच्याकडे मे महिन्यात सत्तेचाळीस तर नुसती बसल्या जागी होते. उरलेली आपण पेटवू. चीज गोंदियाच्या बाजारातून घेतलं. दुकानदार म्हणाला, "काका, पिज्जावाला की ब्रेडवाला?" मी म्हटलं, "बीमारवाला." त्याने पाव किलोची लगड पुढे केली. मंजूने आपली छोटी विजेची भट्टीही दिली. एप्रिलची दुपार, पॅसेंजर गाडी, मांडीवर भट्टी, भट्टीत चीज. आमच्या अर्जुनीला उतरेपर्यंत चीजने भट्टीचा आकार घेतला होता आणि भट्टीने चीजचा वास.

घरी येऊन मी मैदा कालवला, ताकाचा गंज शेजारी ठेवला, भट्टी भिंतीतल्या बटनाला जोडली आणि बटन दाबलं. आवाज आमच्या घरात झाला नाही. आवाज झाला गावाबाहेर, डीपीवर, म्हणजे विजेच्या ट्रान्सफॉर्मरवर. मोठा आवाज, बारीक धूर, आणि सगळ्या गावाची वीज गेली. दिवस कोणते? उन्हाळी धानाचे. इटियाडोहाच्या कालव्याचं पाणी आमच्या टोकाला येईपर्यंत दमलेलं असतं, म्हणून सगळ्यांच्या विहिरींवर मोटारी. सगळ्या एकदम बंद पडल्या. गावात अशी शांतता पसरली की मला माझं स्वतःचं चुकणं ऐकू येत होतं.

पहिला धावत आला तो हा बकाराम. "भाऊ! बिस्किटापायी माहा धान वाळवता काय?"

"डीपी जुनी होती," मी म्हटलं.

"जुनी होती तं चालून राहिली होती नं! तुमी काऊन हात लावला?"

"मी डीपीला हात लावलाच नाही. मी माझ्या घरातलं बटन दाबलं. माणसाला स्वतःच्या घरातलं बटन दाबायचा अधिकार आहे."

मागे काहीतरी आवाज आला म्हणून वळून पाहिलं, तर जमुनाबाई खाटेवर उठून बसली होती. तोंडाला पदर लावून खांदे हलवत होती. मला वाटलं ताप आला. ताप नव्हता, हसत होती. आणि हसता हसता तिने मी बिस्किटासाठी ठेवलेला ताकाचा गंज उचलून अर्धा रिकामा केला. मी चांगलाच रागावलो. एक तर वीज नाही, त्यात ताक नाही.

वायरमनने संध्याकाळपर्यंत डीपी चालू केली आणि जाताना विजेची भट्टी स्वतःच्या हाताने पोत्यात बांधून माळ्यावर ठेवून गेला. म्हणाला, "काका, ही खाली उतरवली तं मी राजीनामा देतो."

मग आमच्या उजव्या बाजूच्या सुलोचनाबाई आल्या. बचतगटाच्या अध्यक्ष आहेत, त्यामुळे कुठल्याही गोष्टीवर त्यांचं मत तयार असतं, नुसती गोष्ट पुढे यायची वाट. म्हणाल्या, "भाऊजी, मैदा कायले वापरता? मैद्यानं पोट बसते. तांदराचं पीठ घ्या. अन् चीज कशाले, खवा टाका. लोण्याच्या जागी तेल. लसूण पित्ताचं, तो काढा."

"मग उरलं काय, सुलोचनाबाई?"

"मीठ," त्या म्हणाल्या, आणि समाधानाने गेल्या.

त्या रात्री मी अंथरुणावर पडून विचार केला की मी वीज कशासाठी शोधत बसलो? मी कोहळी आहे. आमच्या वाडवडिलांनी या मुलखात तलाव बांधले. यंत्रं नव्हती, नकाशे नव्हते, तरी पाण्याचा थेंब कोणत्या अंगाने सरकेल ते उभ्या उभ्या सांगायचे. कोहळ्याच्या पोराला चार घमेली माती दिली की तो खेळण्यातसुद्धा तलावाची पाळ, म्हणजे बांध घालतो. मग एक भट्टी बांधायला काय लागतं? तलावातली चिकण माती आणि रक्त. रक्त होतंच. माती तलाठ्याकडे होती.

तलाव आमच्या घराच्या मागे, हाकेच्या अंतरावर. पण त्यातलं ढेकूळ उचलायचं तर परवानगी. तलाठी तरुण पोरगा, मान देणारा. खुर्ची दिली, पाणी दिलं.

"काका, माती कशासाठी?"

"बिस्किटासाठी."

त्याने पेन खाली ठेवलं. "खायच्या?"

"नाहीतर काय घालायच्या?"

"तसं नाही काका. कारणं ठरलेली असतात. शेतात टाकायला गाळ, वीटभट्टी, घरबांधणी. बिस्किट यात कुठंच बसत नाही."

"भट्टी आहे नं? मग वीटभट्टीत बसवा."

"मग दरसाल विटा किती काढणार ते सांगावं लागेल."

मी नोकरीभर लोकांचे अर्ज 'त्रुटींची पूर्तता करून पुन्हा सादर करावा' असं लिहून परत पाठवले. त्यात एक नजाकत आहे असं मला वाटायचं. समोरच्या खुर्चीत बसल्यावर कळलं, नजाकत फक्त एकाच बाजूने दिसते. शेवटी पोराला दया आली. म्हणाला, "शेतासाठी गाळ म्हणून न्या काका. शेतात टाका. शेतातून पुढं तो कुठं जातो, ते पाहायला मी येत नाही."

त्यामुळे जी माती मला परसदारातून ओंजळीने आणता आली असती, ती बकारामच्या ट्रॅक्टरमध्ये बसून गावाला वळसा घालून माझ्या शेतात गेली, तिथे कायदेशीर झाली, आणि तोच वळसा उलटा घालून माझ्या अंगणात आली. लोक रस्त्यात थांबून पाहत होते. कोणीतरी ट्रॉलीला नमस्कारही केला.

"मंग बांधली भट्टी?" सेवकरामांनी विचारलं.

बांधली म्हणजे काय! थरावर थर, प्रत्येक थरावर पाणी शिंपडून पायांनी तुडवलेला. एका बाजूने मी तुडवतोय, दुसऱ्या बाजूने बकाराम. जमुनाबाईने खाट दाराशी ओढायला लावली होती आणि तिथून हुकूम सोडत होती, "तो कोपरा कच्चा हाय! बकारामभाऊ, जोर लावा, नाचल्यावानी काय करता!" एका हाताने हुकूम आणि दुसऱ्या हाताने कैरीच्या लोणच्याची फोड चोखणं चाललं होतं. आजारी माणसाने लोणचं खाऊ नये, हे मी सांगणार होतो, पण माझे दोन्ही पाय मातीत होते.

भिंत अशी जाड केली की तिच्यावरून बैल चालावा. आणि आता खरी हुशारी ऐका. तळ मी सपाट केला नाही. उतार दिला. वरच्या अंगाला आग, खालच्या अंगाला बिस्किटं, आणि सगळ्यात खाली तुडूम, म्हणजे तलावाच्या पाळीत पाणी सोडायला ठेवतात ते भोक. कल्पना अशी, की उष्णता वरून उताराने वाहत येईल, बिस्किटांना भिजवील आणि उरलेली तुडुमातून निघून जाईल. कालव्याच्या शेवटच्या शेतकऱ्यालाही पाणी मिळालं पाहिजे, हे वाक्य मी नोकरीत हजारदा लिहिलं होतं. शेवटच्या बिस्किटालाही आग मिळाली पाहिजे, अशी व्यवस्था केली.

बकाराम म्हणाला, "भाऊ, पर धूर कोठून जाईन?"

"तलावाला धूर असतो का?"

त्याने विचार केला. "नाही."

"मग?"

बकाराम गप्प बसला. हा मनुष्य योग्य जागी कधी बोलत नाही, ही माझी त्याच्याबद्दलची जुनी तक्रार आहे.

भट्टी सुकली. आग पेटवली. गोळे मांडले. तोंड बंद केलं. थोड्या वेळाने धूर सुरू झाला, आणि त्याला दुसरी वाट नसल्याने तो जिथून लाकडं घातली तिथूनच परत आला. माझ्या मिशा गेल्या. आधी पांढऱ्या होत्या, मग काळ्या झाल्या, मग गेल्या. उष्णता काही उतारावरून खाली येईना. ती वरच, आगीजवळ, अधिकाऱ्यासारखी बसून राहिली. बिस्किटं कच्चीच. मात्र त्यांच्यातलं चीज आणि लोणी हे दोघं पाण्याच्या जातीचे निघाले. ते विरघळले, उताराला लागले आणि तुडुमातून बाहेर पडले. आणि सेवकरामजी, काय सांगू, काय तो विसर्ग! अंगणातून नालीत, नालीतून गल्लीत, पाट सुटल्यासारखं चीज चाललेलं. बकारामच्या सगळ्या कोंबड्या चोच मारायला आल्या आणि सगळ्या जागच्या जागी चिकटल्या.

"एकच कोंबडी होती, भाऊ," बकाराम म्हणाला.

"वरून एक दिसत होती."

सेवकरामांनी विचारलं, "चीज किती होतं म्हनता?"

"पाव किलो."

"पाव किलोत सारी गल्ली?"

"चीज ताणतं, सेवकरामजी."

यावर त्यांनी मान हलवली. म्हटलं नं, उत्तम ऐकणारे आहेत.

मी गल्लीत उकिडवा बसून कोंबडी सोडवत होतो. बिनमिशांचा, तोंडाला काजळी, एका हातात कोंबडीचा पाय आणि दुसऱ्या हातात सुलोचनाबाईंनी दिलेला कोमट पाण्याचा तांब्या. सुलोचनाबाई म्हणत होत्या, "खवा घेतला असता तं असं वाह्यला नसता." आणि तेवढ्यात मागून हसणं ऐकू आलं. पदरामागचं नाही, मोकळं, घरभर ऐकू जाणारं. जमुनाबाई भिंतीला धरून अंगणाच्या दारापर्यंत चालत आली होती. किती दिवसांनी ती स्वतःच्या पायांनी तिथपर्यंत आली, ते मोजायचं भान तेव्हा मला नव्हतं.

"अजी," ती डोळे पुसत म्हणाली, "आग वर जाते, पानी खाली जाते. एवढं तं चुलीले बी कळते!"

मग उंबरठ्यावर बसून तिने सुलोचनाबाईंकडे पेज मागितली, आणि हसत, थांबत, पुन्हा माझ्या तोंडाकडे पाहून हसत वाटीभर पेज पिऊन टाकली. मला त्या पेजेत काडीचा रस नव्हता. माझ्यापुढे कोंबडी होती आणि सोमवार होता.

रविवारी सकाळी मी भट्टीची फेररचना केली. आग खाली आणली, बिस्किटं वर चढवली, वरून धुरासाठी भोक पाडलं. ही सुधारणा मला आदल्या दिवशीच सुचलेली होती. जमुनाबाईने ती केवळ माझ्या आधी बोलून दाखवली. उरलेल्या चीजचे नऊ गोळे झाले. भुपेंद्रचा फोन आला, "बाबा, उद्यासाठी आईचे कपडे पिशवीत भरून आणा, भरती करावं लागलं तर धावपळ नको." मी फोन ठेवला. जमुनाबाईने ऐकलं होतं. ती भिंतीकडे तोंड करून पडली. आदल्या दिवसाचं सगळं हसणं कुठं गेलं कोण जाणे.

मी भट्टीचं तोंड चिखलाने लिंपून बंद केलं आणि समोर बसलो. कृतीत पंधरा मिनिटं सांगितली होती, पण ती पत्र्याच्या भट्टीची. माझी भिंत बैल चालेल अशी. तिला जास्त वेळ दिला पाहिजे, असा मी विचार केला. हा विचार मी डोळे मिटून केला. बकाराम त्याला झोप म्हणतो. विचार पुरा झाला तेव्हा ऊन अंगणातून भिंतीवर चढलं होतं.

आणि तोंड फोडलं, तर काय वर्णन करू! सोनेरी! थोडं जुन्या सोन्याकडे झुकणारं, पण सोनेरीच. पापुद्र्याला हलकी, आतून कापसासारखी. ताटात टाकली तेव्हा टणटण आवाज आला, पण ताट काशाचं होतं. काशाच्या ताटात फूल टाकलं तरी वाजतं.

"एक म्या चाखलं," बकाराम मध्येच म्हणाला. "माहा दात गेला."

"तो दात आधीच हलत होता."

"हलून राहिला होता, पर होता नं!"

त्याच्याकडे दुर्लक्ष करून मी सेवकरामांना पुढे सांगितलं. उरली आठ. ताट घेऊन मी जमुनाबाईच्या खाटेशी बसलो. म्हटलं, हॉटेलातली विसर, ही खा. आणि सेवकरामजी, तिने एक उचललं, मग दुसरं, मग तिसरं. मी जागचा हललो नाही. या डोळ्यांनी, या इथे बसून, आठच्या आठ बिस्किटं तिला खाताना पाहिली मी. कणसुद्धा ताटात उरला नाही.

"काही बोलल्या?"

"बोलायला तोंड रिकामं होतं कुठं!"

सोमवारी निघालो. तिची चालच बदललेली. कमरेवर एक हात ठेवून, सावकाश, पाटलिणीसारखी. बसमध्ये सीटवर बसली ती अशी धप्पकन, की कंडक्टरने वळून पाहिलं. मी त्याला अभिमानाने म्हटलं, "तब्येत भरली आहे." रिक्षातून उतरताना मी आधार द्यायला गेलो तर म्हणाली, "कमरेले हात नका लावू." लाजली असेल, म्हणून मी सोडून दिलं. कपड्यांची पिशवी मात्र मीच उचलली होती, आणि खरं सांगतो, दवाखान्याच्या पायऱ्या चढताना ती पिशवी माझ्या हाताला फार जड लागत होती.

जमुनाबाई काट्यावर चढली. डॉक्टर वाकले. चष्मा काढला, पुसला, पुन्हा वाकले. भुपेंद्र आणि मंजू मागून डोकावत होते. आणि डॉक्टर म्हणाले, "दीड किलो वाढलं! काय खाऊ घातलंत हो?"

मी फक्त एकच शब्द बोललो. "बिस्किट."

मंजू माझ्याकडे पाहतच राहिली. डॉक्टरांनी माझ्या पाठीवर थाप मारली. भरतीचं नाव कोणी काढलं नाही. न उघडलेली पिशवी तशीच परत आणली, आणि येताना स्टेशनवर जमुनाबाईने पोह्यांची एक प्लेट खाल्ली, मग माझ्या प्लेटीतले अर्धे खाल्ले. त्या दिवसापासून बाई जी जेवायला लागली ती आता पाहताच आहात तुम्ही.

"तर सेवकरामजी," मी मांडीवर थाप मारून म्हटलं, "औषध वगैरे सगळं ठीक आहे. पण त्या बाईला वाचवलं ते माझ्या आठ बिस्किटांनी."

सेवकरामांचे डोळे मोठे झाले होते. "आमच्या घरी बी हिचं जेवन कमी झालं हाय, भोजराजभाऊ. जमलं तं तिच्यासाठी बी करा नं आठ."

मी उत्तर द्यायला तोंड उघडलं, तोच उघड्या दारात जमुनाबाई येऊन उभी राहिली. दोन्ही हातांत चहाचे कप.

"खाल्ले कोनं?"

ती उंबरठा ओलांडून आली.

"आठ खाल्ले म्हने! या डोऱ्यांनी पाह्यले म्हने! डोरे तं मिटले होते तुमचे, ताट मांडीवर ठेवून घोरून राहिले होते. म्या एकाले दात लावला, मंग बकारामभाऊचा दात आठवला. अन् सकारी काट्यावर चढाचं होतं. आठच्या आठ लुगड्याच्या ओट्यात कमरेले बांधले अन् गेली!"

सेवकराम एकदा तिच्याकडे, एकदा माझ्याकडे पाहत होते. "मंग बाई, आता कुठं हायेत ते?"

"एक तं तुमच्या मागंच हाय, सेवकरामजी," जमुनाबाई त्यांच्या हातात कप देत म्हणाली. "रांजनाखाली टेकन कशाचं हाय पाहा. अजून मुंगी नाही लागली त्याले."